तुमच्या घरातली निवांत वेळ कुठली?

शहापूरकर:

नमस्कार मंडळी. इथं रोज डोकावतो पण लिहीत कधी नाही. धागे बघितले तर रस्त्याचे खड्डे, सीमाप्रश्न, शिवजयंतीचे चित्ररथ, कुंदा कुणाचा खरा, रेल्वे गेटजवळ ट्रॅफिक कसं तुंबतंय, सगळं घराबाहेरचंच. घरात काय चालतंय त्याबद्दल कुणी बोलत नाही, बोललं तरी भांडण झाल्यावर सल्ला मागायला. म्हणून म्हटलं विचारूया, तुमच्या घरात निवांत वेळ कुठली? सण नको, लग्नकार्य नको, पाव्हणे आलेत ते नको. साधी, जिच्यात काहीसुद्धा घडत नाही ती.

माझ्यापासून सुरू करतो. आमची निवांत वेळ पाण्याच्या रात्रीची. बेळगावात राहणाऱ्यांना सांगायला नको, बाहेरच्यांसाठी सांगतो, शहरातल्या काही वॉर्डात २००८ पासून चोवीस तास पाणी आहे, बाकीच्यांना पाळीनं म्हणजे काही दिवसांआड, आणि किती वाजता सुटणार ते राकसकोप आणि हिडकल धरणांनाच माहीत. आमच्या गल्लीत बऱ्याचदा पहाटे सुटतं. नळ आधी नुसती हवा सोडतो, मग दोन गुळण्या तांबूस पाणी, मग चांगलं. ती हवा आईला झोपेत ऐकू येते. आम्हाला गजर लावून जाग येत नाही आणि तिला नळाच्या फुसफुशीनं येते, आणि मग दाराशी येऊन म्हणते, "ऊठ गा, नळ बोलूलालाय."

सगळ्यांची कामं ठरलेली. मी मोटर लावून अंगणात संपाचं, म्हणजे जमिनीखालच्या पाण्याच्या टाकीचं, झाकण उघडून बसतो, बायको पिण्याची भांडी विसळून घेते, आई तांब्याचा हंडा चिंच-मीठ लावून घासते आणि तो हंडा ती दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाही. आप्पांना काही काम नाही, गुडघे गेलेत त्यांचे, तरी मफलर गुंडाळून सोप्यात येऊन बसतात आणि मधनंमधनं विचारतात, "भरत आला काय?" मी म्हणतो अर्धा झालाय. ते म्हणतात, हं. समोरच्या काकू कन्नड, त्या गॅलरीतनं विचारतात, "नीर बंतेन्री?" आई खालनं "बंतु बंतु" म्हणते, की झालं, त्यांच्याकडं पण लाईट लागतो.

संप भरेपर्यंत कुणाला जाता येत नाही आणि त्या वेळी कुणाच्या हातात मोबाईल पण नसतो, का कोण जाणे, ओले हात म्हणून असेल. दिवसभर आप्पा टीव्ही आणि पेपर ह्याच्यापलीकडं बोलत नाहीत पण तेव्हा बोलतात. पूर्वी गल्लीतल्या विहिरीत घागर पडली की गळ कुणाकडनं आणायचा, गळ देणारा माणूस किती भाव खायचा, एकदा घागरीऐवजी कुणाची तरी कासंडी वर आली आणि ती कुणाची ह्यावरनं दोन घरात महिनाभर बोलणं बंद होतं, असलं कायबाय. पोरगी अर्ध्या झोपेत येऊन त्यांच्या मांडीला टेकून बसते. मग आई चहा टाकते. एवढंच. आता तुम्ही सांगा.

तिसरं गेट:

पाणी पहाटे तीनला येतं ह्याला तुम्ही निवांत वेळ म्हणताय? तुमच्या सहनशक्तीला सलाम.

शहापूरकर:

तुमच्यात चोवीस तास आहे वाटतं. मग तुम्हाला कसं कळणार.

माग बंद:

मी वडगावचा. आमच्यात निवांत वेळ म्हणजे करंट गेला की. खरंच सांगतो. घरात पुढच्या खोलीत यंत्रमाग आहेत, शेजारी आहेत, मागच्या गल्लीत आहेत, सकाळी सुरू झाले की खटखट खटखट, त्यातच आम्ही लहानाचे मोठे झालो, अभ्यास त्यातच, जेवण त्यातच, ताईला बघायला आले ते पण त्यातच, पाव्हणे काय विचारत होते ते तिला कळलंच नाही, सगळ्याला होय होय म्हणाली आणि लग्न ठरलं. आमच्या घरातले सगळे मोठ्यानं बोलतात, बाहेरच्यांना वाटतं भांडूलालेत.

करंट गेला की एकदम सगळीकडचे माग थांबतात. एकेक नाही, एकदम. आणि पहिलं मिनिटभर सगळे अजून त्याच आवाजात ओरडत असतात, कारण तोंडाला सवय. आई आतनं ओरडते "चहा घेणार काय रेऽऽ" आणि मग तिचं तिलाच हसू येतं. मग आवाज खाली येतात. बाबा मागावरनं उतरून धोट्यावरनं बोट फिरवत बसतात, कुठं खडबडीत झालाय काय बघत, कारण धोटा खडबडीत असला की धागा तुटतो. आज्जी कांड्या भरायचं चाक सोडून दारात. ती म्हणते पूर्वी हातमाग होते तेव्हा आवाज होता पण तो माणसाच्या हातापायाचा होता, दमला की थांबायचा, हा थांबत नाही.

करंट गेल्यावर खरं म्हणजे आमचं नुकसान, कापडाच्या मीटरवर पैसे मिळतात, तेवढं कापड कमी. बाबा तोंडानं शिव्या देतात. पण बघतोय ना मी, तेव्हाच त्यांचा चेहरा जरा सैल पडतो. परत करंट आला की कुणीतरी "आलाऽऽ" म्हणून ओरडतं आणि परत सगळे ओरडायला लागतात.

पालथी भांडी:

धागा छान आहे, पण एक विचारू? शहापूरकर, तुमच्या त्या पहाटे चहा कोण टाकतं, आई. भांडी कोण विसळतं, बायको. हंडा कोण घासतं, आई. तुम्ही मोटरचं बटण दाबून बसलाय आणि आप्पा हं म्हणूलालेत. निवांत वेळ कुणाची झाली मग?

राग मानू नका. माझंही सांगते. माझी वेळ दुपारची, अडीच ते चार. सगळे जेवून गेलेले, भांडी घासून पालथी घातलेली, ओटा पुसून कोरडा. मी घरात एकटी नसते, सासूबाई असतात, पण त्या पण तेव्हा आडव्या होतात, आमचं एकमेकींत न बोलता ठरलंय की अडीच ते चार कुणी कुणाला हाक मारायची नाही. मी झोपत नाही, काहीच करत नाही. स्वयंपाकघराच्या दारात उंबऱ्याशी बसते, परड्यातल्या शेवग्याकडं बघत. तिथं खालची फरशी गार असते. मुंग्या कुठनं कुठं चालल्यात ते बघते. बाहेर भांडीवाला ओरडतो, भंगारवाला ओरडतो, मी उठत नाही. चारला दूधवाला हॉर्न मारतो आणि संपतं. त्या वेळात कुणी फोन केला की मला अक्षरशः रडू येतं, माहेरचा असला तरी.

नवरा एकदा सुट्टीवर घरी होता आणि त्यानं बघितलं मला तशी बसलेली, घाबरला, म्हणाला काय झालं, बरं नाही काय, कुणी काय बोललं काय. बाई रिकामी बसली म्हणजे काहीतरी झालंच असणार. दुसऱ्या दिवशी तो पण येऊन शेजारी बसला आणि दहा मिनिटांत म्हणाला, चहा करतेस काय.

तिसरं गेट:

शेवटचं वाक्य वाचून बायकोनं माझ्याकडं बघितलं. मी काय केलंय?

शहापूरकर:

पालथी भांडी ताई, राग कसला. पण पाण्याच्या रात्री आई स्वतःच म्हणते की मला बरं वाटतं सगळी एकत्र उठतात ते. आणि संपाचं झाकण लोखंडी आहे, जड आहे, नुसतं बटण नव्हे.

पालथी भांडी:

बरं बाबा, झाकण पण. 😄

निपाणीची पोर:

वरचं वाचून माझं पण लिहावं वाटलं. आमची निपाणी तंबाखूची आणि विडीची, आमच्या गल्लीत घरटी एक तरी बाई विड्या वळायची. आमची आई, मावशी, आत्ती, तिघी सोप्यात भिंतीला टेकून, मांडीवर सूप, सुपात जर्दा, बाजूला कापलेली पानं. तेंदूची पानं रात्री भिजवून पोत्यात गुंडाळून ठेवायची म्हणजे सकाळी मऊ पडतात, मग पत्र्याचा तुकडा ठेवून कात्रीनं त्या मापात कापायची. वळून दोरा बांधून झाला की तोंड मोडायचं काम आम्हा पोरींकडं, शाळेतनं आलं की दप्तर टाकून बसायचं.

आता ती दुपार आठवली की खूप शांत वाटते. तिघींची बोटं चालूलालीत, पान, जर्दा, वळ, दोरा, कुणी खाली बघत सुद्धा नाही, कुणी बोलत नाही, कारण हजाराचा हिशोब मनात चाललेला असायचा, मध्ये बोललं की चुकतो. आजोबा मात्र बोलायचे, १९८१ च्या तंबाखू आंदोलनाचं, शरद जोशी आले होते, शेतकरी हायवे अडवून बसले होते, पोलिसांनी गोळीबार केला, ते सगळं ते दर आठ दिवसांनी पहिल्यापासून सांगायचे आणि तिघी हं हं करायच्या, हिशोब न चुकवता.

पण निवांत होतं का, तर माहीत नाही. आईला संध्याकाळी मान वळवता यायची नाही. जर्द्याचा वास घरभर, पांघरुणात सुद्धा, आत्तीचा खोकला रात्रभर. कारखान्यात माल नेला की छाट काढायचे, बारीक आहे, सैल आहे म्हणून, तेवढे पैसे गेले. म्हणून मला कुणी जुन्या दिवसांची शांतता वगैरे म्हणालं की अर्धं पटतं. आई आता विड्या वळत नाही. मी नोकरी करते. पण टीव्ही बघताना तिच्या उजव्या हाताचा अंगठा आणि बोट अजून तसंच एकमेकावर फिरत असतं, हवेतच. मी सांगितलं की थांबवते, परत थोड्या वेळानं सुरू.

माग बंद:

हे वाचून काय लिहावं कळेना. आमच्या आज्जीचं पण कांडीच्या चाकाचं असंच आहे, झोपेत हात फिरवते.

कणकुंबीचा पाऊस:

आम्ही खानापूर तालुक्यातले, मलप्रभा उगम पावते तिथनं जवळचं गाव. आता पुण्यात. तुम्ही सगळे शांतता म्हणजे आवाज नसणं असं धरून लिहूलालाय. आमच्याकडं उलटं. आमच्याकडं पाऊस इतका पडतो की तोच घरात शांतता करतो.

आषाढात भाताची नट्टी म्हणजे लावणी झाली की शेतात फार काम उरत नाही. चिखलानं पाय कुजलेले असतात सगळ्यांचे, बोटांच्या बेचक्यात आज्जी हळद आणि तेल गरम करून लावायची. करंट गेलेला, तो कधी येणार ते विचारायचं नाही. कौलांवर पाऊस असा पडतो की शेजारी बसलेल्याचं ऐकू येत नाही, मग माणसं बोलायचं सोडून देतात. बाबांना पाणी पाहिजे असलं तर तांब्या वर करून दाखवायचे. आईला आम्ही जेवायला या असं हातानं खुणावताना बघितलंय, तोंड न उघडता. सगळे चुलीभोवती. फणसाच्या आठळ्या निखाऱ्यात पुरून ठेवलेल्या, फुटल्या की राख उडायची, त्यावर आम्हा भावंडांची मारामारी, ती पण मुक्यानं.

कौल सरकलेलं असलं की गळायचं. पातेली, बादली, डबा, जे मिळेल ते खाली. आज्जीचं बाजलं कुठं सरकवायचं ह्याच्यावर बाबा आणि आज्जी रोज खुणांनी भांडायचे, ती बोट वर करून दाखवायची इथं गळत नाही, ते बोट करून दाखवायचे उद्या गळणार. मध्येच पाऊस क्षणभर थांबायचा आणि सगळ्यांचे आवाज एकदम बाहेर पडायचे, कुत्र्याचे सुद्धा, गोठ्यातनं म्हशीचं हंबरणं. मग परत सर आली की गप्प.

पुण्यात आता स्लायडिंगची काच लावली की पाऊस नुसता दिसतो. मुलगा विचारतो, आई, बाहेर पाऊस पडतोय? बघ की, म्हणते. ऐकायला कुठं येतोय.

तिसरं गेट:

आता मला पण लिहावंच लागणार. आमच्या घरात निवांत असं काही नाही. आमचं घर टिळकवाडीत रुळाजवळ, रेल्वे गेली की कपाटातल्या बश्या हलतात, त्यात एकत्र कुटुंब, दोन टीव्ही, काकाचा कुत्रा. पण एक सांगतो. सकाळी तरुण भारत आला की आजोबा मागच्या पानांकडनं सुरू करतात, निधन वार्ता आधी. चष्मा लावून एकेक नाव मोठ्यानं वाचतात. गाव, वय, मागे कोण कोण, रक्षाविसर्जन किती वाजता. आज्जी आतनं पोळ्या लाटता लाटता ऐकते. ओळखीचं नाव आलं की लाटणं थांबतं. "कुठला म्हणालात? अनगोळचा?" "अनगोळचा." "मधल्या मुलाच्या लग्नात भेटला होता की." "हो तोच." मग परत लाटणं सुरू. कुणी हळहळत नाही, कुणी काही म्हणत नाही. संपलं की आजोबा मग पहिल्या पानावर येतात.

आम्ही पोरं लहानपणी ह्याला हसायचो. परवा मी ऑफिसला निघताना बूट घालता घालता थांबलो, नाव ओळखीचं वाटलं म्हणून.

पालथी भांडी:

बघा, आहे की तुमच्यात पण.

येळ्ळूरचा फौजी:

मी मराठा लाइट इन्फंट्रीत, आमच्या गावात घरोघरी कोण ना कोण असतोयच सैन्यात. आता पोस्टिंग लांब आहे, कुठं ते लिहीत नाही. इथं शांतता भरपूर आहे, नको एवढी. मला आवाज पाहिजे असतोय, घरचा.

संध्याकाळी नेटवर्क मिळालं की व्हिडिओ कॉल करतो. पहिली दोन मिनिटं सगळ्यांची ठरलेली, आई येऊन "जेवलास काय गा" विचारते, बाबा "थंडी हाय काय" विचारतात, पोरगं तोंड कॅमेऱ्याला चिकटवून दात दाखवतंय, पडलेला दात. मग बोलायला काही उरत नाही. आधी आम्ही फोन ठेवायचो. आता मी बायकोला सांगितलंय की फोन ठेवू नको, डब्याला टेकवून ठेव आणि तुझं काम कर. ती म्हणाली येड लागलंय काय. पण ठेवते.

तिकडं ती जोंधळ्याची भाकरी करत असते. काटवटीत पीठ मळल्याचा आवाज, मग थापल्याचा, मग तव्यावर टाकली की सर्र, पाणी फिरवलं की अजून एकदा. दिसत काहीच नाही, फोन वाकडा झालेला असतोय, छताचा पत्रा आणि बल्ब दिसतोय नुसता. आई मध्येच कायतरी बोलते, गोठ्यातनं बाबा खोकतात. मी इकडं बूट पॉलिश करत बसतो. अर्धा तास झाला की ती येऊन स्क्रीनमध्ये बघते, पीठ लागलेलं असतंय नाकाला, म्हणते, "अजून हाईस काय? मी जेवाय वाढतो आता." हाय म्हटलं. ठेवते मग.

नेटवर्क गेलं तर तिला कळत नाही, ती भाकऱ्या करतच असते.

कणकुंबीचा पाऊस:

भाऊ, काळजी घ्या.

शहापूरकर:

मी ह्यांची बायको लिहूलालीय, ह्यांच्याच खात्यावरनं. हे आंघोळीला गेलेत. पालथी भांडी ताई, तुम्ही विचारलात ते मला फार आवडलं म्हणून लिहिते. ह्यांनी पाण्याच्या रात्रीचं लिहिलंय ते सगळं खरं आहे, फक्त संपाजवळ बसतात म्हणजे खुर्चीत झोपतात. संप भरून पाणी गल्लीत वाहायला लागलं की समोरच्या काकू वरनं ओरडतात, "नीर होगाकत्तावरी!", मग हे जागे होतात. आप्पा तेव्हा पण "भरत आला काय" म्हणतात.

पण माझी निवांत वेळ तीच आहे, ह्यांनी लिहिलेली नाही, त्याच्या नंतरची. मोटर बंद होते, हे परत जाऊन झोपतात, पोरगीला आप्पा घेऊन जातात. मी आणि सासूबाई राहतो. उजाडायला अजून वेळ असतो आणि आता झोपून उपयोग नाही हे दोघींना माहीत असतं. उरलेला चहा अर्धा अर्धा ओततो. लग्न होऊन आले तेव्हा आमचं फार काही जमायचं नाही, दिवसा अजूनही बारीकसारीक असतंच, भाजीत मीठ, पोरीचे लाड. त्या वेळेला नसतं. कधी त्या माझ्या केसाला तेल लावतात, हंडा घासून हात तसेही गार असतात त्यांचे, टाळूला बरं वाटतं. परवा म्हणाल्या, "मी मेलो की हंडा तू घास, मोठीला देऊ नको, ती राख लावते." मी बरं म्हटलं.

आले हे. ठेवते.

माग बंद:

वहिनी, तुम्ही स्वतःचं खातं काढा. ह्यांच्यापेक्षा चांगलं लिहिताय.

शहापूरकर:

माझ्या मागं काय काय चाललंय इथं. संप एकदाच वाहिलाय.

तिसरं गेट:

वहिनी, एकदाच काय?

चंदगडची लेक गोकाकची सून:

वहिनींचं सासूबाईंबद्दलचं वाचून लिहिते. मी चंदगड तालुक्यातली, म्हणजे महाराष्ट्रातली, दिली गोकाकला. सासरी घरात मराठी फक्त नवरा आणि सासरे बोलायचे, सासूबाई माहेरच्या कन्नड, त्यांना मराठी कळायचं पण बोलायच्या नाहीत, मला कन्नड काहीच येत नव्हतं. बर्री, कुंदर्री म्हणजे या, बसा, एवढं शिकवून पाठवलेलं भावानं.

दुपारी दोघीच घरात. काय बोलणार. त्या शेंगांचं पोतं ओढून आणायच्या आणि मध्ये ओतायच्या, आमच्या शेतातल्याच शेंगा, आणि आम्ही समोरासमोर बसून फोडायचो. मी दातानं फोडायला गेले तर त्यांनी डोळे मोठे केले, मग एक शेंग घेऊन अंगठ्यानं टोकावर दाबून दाखवली, टक् करून उघडते. जाड सालाची असेल तर लाटणं. खराब दाणे एका वाटीत, ते गाईला. फुटके दाणे वेगळे, ते चटणीला. सगळं दाखवूनच शिकवलं, शब्द नाही. मधनंच एखादा तीन दाण्यांचा टपोरा निघाला की माझ्यापुढं सरकवायच्या, खा म्हणून. नव्या सुनेला सगळे विचारत होते, करमतंय काय, रुळलीस काय, फोनवर आई रोज रडवायची. ह्या बाईनं कधीच काही विचारलं नाही. मला तेवढंच बरं वाटायचं.

आता मला कन्नड येतं, चांगलं येतं, माझी मुलं तर झोपेत कन्नड बोलतात. आणि खरं सांगू, आता आम्ही दोघी शेंगा फोडताना इतकं बोलतो की नवरा म्हणतो जरा गप्प बसा. गल्लीतल्या कुणालाच सोडत नाही आम्ही. ह्या महिन्याचे सरकारच्या गृहलक्ष्मी योजनेचे दोन हजार कुणाचे आले, कुणाचे नाही, इथपासून सुरू. कधी कधी ते पहिल्या वर्षीचं गप्प बसणं परत पाहिजे वाटतं, पण ते काही आता होत नाही, तोंड थांबतच नाही आमची.

पालथी भांडी:

शेंगा फोडायला कुठं मिळतात आता, आम्ही दाणेच आणतो पॅकेटचे. आणि ती चटणी सांगा ना, गोकाककडची. माझी मिक्सरला लावली की पीठ होते नुसतं.

चंदगडची लेक गोकाकची सून:

मिक्सरला नकोच. दाणे मंद आचेवर खरपूस भाजायचे, घाई केली की वरनं काळे आणि आतनं कच्चे. गार झाल्यावर साल चोळून पाखडायची, थोडी राहिली तरी चालते. लसूण सालासकट, जिरं, मीठ, तिखट. सासूबाई तिखट दोन प्रकारचं घालतात, रंगाला ब्याडगी आणि झणझणायला संकेश्वरी. आधी लसूण-जिरं-तिखट-मीठ उखळात कुटून घ्यायचं, मग थोडे थोडे दाणे घालत कुटत राहायचं, तेल सुटून चटणी बोटाला चिकटायला लागली की झाली. उखळ नसेल तर लोखंडी खलबत्ता. मिक्सर लावायचाच असला तर जरा फिरवून थांबवायचा, परत फिरवायचा, सलग नाही.

माग बंद:

गूळ घालता काय? आमच्या शेजारी घालतात.

चंदगडची लेक गोकाकची सून:

आमच्यात नाही. पण चुलत जाऊ घालते, तिच्या पोरांना तिखट सोसत नाही म्हणून.

येळ्ळूरचा फौजी:

गूळ घातलेली पार्सलमध्ये लवकर मऊ पडती. बिनगुळाची महिनाभर टिकती, मी बघितलंय. प्लास्टिकच्या डब्यातनं मात्र तेल गळतंय, स्टीलच्या डब्यातनं पाठवायला सांगा, वर कापड बांधून.

निपाणीची पोर:

संकेश्वरी अस्सल कुठं मिळते बेळगावात? गेल्या वेळी बाजारात घेतली ती नुसतीच लाल होती.

तिसरं गेट:

रविवार पेठेत विचारून बघा, पण चावून बघूनच घ्या. सगळे संकेश्वरीच म्हणून विकतात.